चित्रपरिणामांच्या जुन्या डीएलएल फायली : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग जिल्ह्यांतील फोटो स्टुडिओ, डीटीपी केंद्रे आणि आंबा-काजूची लेबले छापणारे छोटे छापखाने यांची संगणकाची कामे करताना जे प्रश्न वर्षानुवर्षे पुन्हा पुन्हा समोर आले, त्यांची उत्तरे येथे एकत्र दिली आहेत. फायलींची नावे वाचण्याच्या सोयीसाठी देवनागरीत लिहिली आहेत. यंत्रावर ती अर्थातच रोमन अक्षरांत टाइप करावी लागतात.

डीएलएल फाइल म्हणजे नेमके काय?

डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी. ती स्वतःहून चालणारी फाइल नव्हे. चित्र फिरवणे, सावली देणे, रंग उलटे करणे अशी कामे प्रत्येक प्रोग्रामने नव्याने लिहिण्याऐवजी ती एका सामायिक फाइलीत ठेवायची आणि ज्याला लागेल त्याने तेथून वापरायची, अशी ही रचना आहे. रापणीचे जाळे जसे संघाचे असते, ते ओढायला अनेक घरे येतात आणि वाटा सगळ्यांना मिळतो, तसेच हे आहे. अडचणही तशीच येते. कोणी एकाने आपल्या सोयीसाठी जाळ्याच्या आसाचा आकार बदलला, तर त्याचा परिणाम सगळ्या घरांना भोगावा लागतो. विन्डोज ९५ आणि ९८ च्या काळात एक नवा प्रोग्राम इन्स्टॉल केला की दुसरा जुना प्रोग्राम बंद पडत असे, त्याचे कारण बहुतेक वेळा हेच होते. विन्डोज २००० पासून महत्त्वाच्या सिस्टीम फायली परस्पर बदलल्या गेल्यास ऑपरेटिंग सिस्टीम मूळ प्रत परत आणून ठेवू लागली आणि तो त्रास बराच कमी झाला.

‘डीएक्सट्रान्स’ आणि ‘डीएक्सटीएमएसएफटी’ या दोन फायली कशासाठी आहेत?

या दोन्ही फायली मायक्रोसॉफ्टच्या डायरेक्टएक्स ट्रान्सफॉर्म या तंत्राच्या आहेत. पहिलीत मूळ यंत्रणा आहे, म्हणजे एक किंवा दोन चित्रे आत घेऊन, त्यांवर प्रक्रिया करून, तिसरे चित्र बाहेर देण्याची व्यवस्था. दुसरीत प्रत्यक्ष परिणाम आहेत: धूसर करणे, सावली, चमक, रंगछटा, पडदा सरकल्यासारखा बदल, बुद्धिबळाच्या पटासारखा बदल, सर्पिल, चाक, नागमोडी, ठिपक्याठिपक्यांनी विरघळणे इत्यादी.

त्यांचा मुख्य ग्राहक इंटरनेट एक्स्प्लोअरर हा ब्राउझर होता. १९९७ च्या चौथ्या आवृत्तीतच साधे दृश्यपरिणाम आले होते. त्यांतील ‘रिव्हील ट्रान्स’ या एका परिणामाला ० ते २३ असा क्रमांक द्यावा लागे. ० ते २२ हे ठरलेले प्रकार होते आणि २३ लिहिले की संगणक स्वतःच कोणताही एक निवडत असे. त्या काळी संकेतस्थळे बनवणारी मंडळी हौसेने २३ लिहीत, आणि पान उघडताना काय होईल हे बनवणाऱ्यालाही सांगता येत नसे. २००० साली आलेल्या ५.५ आवृत्तीत ‘डीएक्स इमेज ट्रान्सफॉर्म’ या लांबलचक नावाने हे परिणाम बोलावण्याची पद्धत आली आणि पुढे अनेक वर्षे टिकली.

ब्राउझरबाहेरच्या प्रोग्रामांनीही या फायलींचा उपयोग केला. व्हिज्युअल बेसिक या प्रोग्राम लिहिण्याच्या साधनात ब्राउझरची खिडकी बसवून तयार केलेल्या पर्यटन-माहितीच्या सीडी आणि लग्नाच्या अल्बमच्या सीडी आजही आमच्याकडे दुरुस्तीला येतात. त्यांतील चित्रे एकामागून एक ज्या नजाकतीने बदलतात, ते काम या दोन फायलींचे असते.

प्रोग्राम ‘फाइल सापडत नाही’ असे म्हणतो, पण फाइल तर डोळ्यांसमोर दिसते. असे का?

हा सर्वांत जास्त विचारला जाणारा प्रश्न आहे आणि त्याची तीन वेगवेगळी कारणे असू शकतात, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

पहिले कारण नोंदणीचे. डायरेक्टएक्स ट्रान्सफॉर्मसारख्या फायलींना प्रोग्राम नावाने शोधत नाही. तो एका लांब ओळखक्रमांकाने शोधतो आणि तो क्रमांक कोणत्या फाइलीचा, हे विन्डोजच्या रजिस्ट्रीत, म्हणजे तिच्या अंतर्गत नोंदवहीत, पाहतो. फाइल जागेवर आहे पण रजिस्ट्रीत नोंद नाही, ही स्थिती सातबाऱ्यावर नाव नसलेल्या घरासारखी असते. घर आहे, पण कागदावर नाही. अशा वेळी व्हिज्युअल बेसिकचा जुना प्रोग्राम ४२९ क्रमांकाचा एरर मेसेज देतो. ‘रेगएसव्हीआर३२’ या आज्ञेने नोंद पुन्हा करता येते, मात्र ती आज्ञा प्रशासकाच्या अधिकाराने चालवावी लागते.

दुसरे कारण ३२ आणि ६४ बिटांचे. ६४ बिटांच्या विन्डोजमध्ये ‘सिस्टीम३२’ या फोल्डरात ६४ बिटांच्या फायली असतात आणि ३२ बिटांच्या फायली ‘सिसवाव६४’ या फोल्डरात असतात. होय, नावे अगदी उलटी आहेत. यात वाचकांची चूक नाही. ६४ बिटांचा प्रोग्राम ३२ बिटांची डीएलएल आपल्यात कधीही सामावून घेऊ शकत नाही, त्यामुळे फाइल योग्य असूनही चुकीच्या फोल्डरात टाकली तर ती नसल्यासारखीच असते.

तिसरे कारण लोकांच्या सहसा लक्षात येत नाही. आपण शोधत असलेली फाइल जागेवर असते, परंतु ती स्वतः ज्या दुसऱ्या डीएलएलवर अवलंबून असते ती गायब असते. विन्डोजचा मेसेज मात्र पहिल्याच फाइलीचे नाव घेतो. मालवणच्या एका स्टुडिओत मी याच मेसेजवर विसंबून दोन दिवस एकच फाइल पुन्हा पुन्हा कॉपी करत बसलो होतो. शेवटी गायब निघाली ती व्हिज्युअल सी++ ची एक साधी रनटाइम (प्रोग्राम चालताना लागणारी) फाइल. ती बसवायला चार मिनिटे लागली.

‘रेगएसव्हीआर३२’ चालवल्यावर ‘एन्ट्री पॉइंट सापडला नाही’ असे येते. फाइल खराब आहे का?

बहुधा नाही. सर्व डीएलएल नोंदणीसाठी नसतात. खेळांच्या ‘डी३डीएक्स९’ मालिकेतील फायलींमध्ये नोंदणीची सोयच नाही, त्यामुळे ही आज्ञा त्यांच्यावर चालवणे निरर्थक आहे.

‘डी३डीएक्स९_२७’ नाही असे म्हणतो. माझ्याकडे त्याहून नवी ‘डी३डीएक्स९_४३’ आहे. ती चालणार नाही का?

नाही. या मालिकेत २४ पासून ४३ पर्यंतच्या वेगवेगळ्या फायली आहेत आणि ज्या क्रमांकाच्या आधाराने प्रोग्राम बांधला गेला, तोच क्रमांक तो मागतो. ४३ चे नाव बदलून २७ करणे हा उपाय काही जण सांगतात. तो करू नये. विन्डोज १० किंवा ११ मध्ये डायरेक्टएक्स १२ असले तरी या जुन्या सहायक फायली त्यात अंतर्भूत नसतात, कारण त्या मूळ विन्डोजचा भाग कधीच नव्हत्या. मायक्रोसॉफ्टचा जून २०१० चा डायरेक्टएक्स एंड-युजर रनटाइम हा संच बसवला की सगळे क्रमांक एकदम येतात आणि नव्या डायरेक्टएक्सला त्याचा काही धक्का लागत नाही.

हवी ती डीएलएल एखाद्या संकेतस्थळावरून उतरवून घेतली तर चालेल का?

चालणार नाही. सुट्या डीएलएल फायली वाटणाऱ्या संकेतस्थळांवरील फाइल कोणी, केव्हा आणि कोणत्या आवृत्तीतून काढली हे कळत नाही. शिवाय प्रोग्राम सुरू होताना विन्डोज बहुतेक डीएलएल सर्वप्रथम त्या प्रोग्रामच्याच फोल्डरात शोधते. म्हणजे तेथे ठेवलेली कोणतीही परकी फाइल तुमच्या प्रोग्रामच्या सर्व अधिकारांनिशी चालू लागते. कुलूप दुरुस्त करायला आलेल्या अनोळखी माणसाच्या हाती घराची किल्ली देण्यासारखे ते आहे. फाइल ज्या संचातून आली तो संच मूळ ठिकाणाहून मिळवून पुन्हा इन्स्टॉल करावा. विन्डोजची स्वतःची फाइल असेल तर ‘एसएफसी’ ही तपासणीची आज्ञा चालवावी.

‘जीडीआयप्लस’ फाइल प्रत्येक प्रोग्रामच्या फोल्डरात वेगवेगळी सापडते. जास्तीच्या प्रती काढून टाकाव्यात का?

हा प्रश्न दिसतो तितका किरकोळ नाही. जीडीआयप्लस ही विन्डोज एक्सपीबरोबर २००१ साली आलेली चित्रे काढण्याची, उघडण्याची आणि बदलण्याची लायब्ररी. विन्डोज ९८ वरही आपला प्रोग्राम चालावा म्हणून अनेक कंपन्यांनी तिची प्रत आपल्याच फोल्डरात घालून दिली.

सप्टेंबर २००४ मध्ये तिच्यात एक गंभीर दोष जाहीर झाला. जेपेग फाइलीत छायाचित्राबरोबर शेरा लिहिण्यासाठी एक जागा असते आणि त्या जागेची लांबी दोन बाइटांत नोंदवलेली असते. त्या लांबीत हे दोन बाइट स्वतःही मोजले जातात, म्हणून ती किमान २ असायला हवी. लायब्ररी ही लांबी वाचून त्यातून २ वजा करत असे. कोणी मुद्दाम तेथे ० किंवा १ लिहिले, तर उत्तर ऋण यायचे. संगणक मात्र ते प्रचंड मोठी धन संख्या म्हणून वाचायचा आणि तितका मजकूर स्मृतीत ओतत सुटायचा. निव्वळ एक फोटो उघडल्याने यंत्र दुसऱ्याच्या ताब्यात जाऊ शकत होते.

मायक्रोसॉफ्टने विन्डोजमधील प्रत दुरुस्त केली. पण प्रोग्रामांच्या फोल्डरांत पडून असलेल्या प्रती आपोआप दुरुस्त झाल्या नाहीत. म्हणून उत्तर असे: फाइलीच्या ‘प्रॉपर्टीज’मध्ये आवृत्ती आणि तारीख पाहावी, ती २००४ च्या दुरुस्तीपूर्वीची असेल तर फाइल पुसू नये, तर वेगळे नाव देऊन ठेवावी आणि प्रोग्राम विन्डोजच्या प्रतीवर चालतो का ते पाहावे. बहुतेक चालतात. न चाललेला प्रोग्राम नेटपासून तोडलेल्या यंत्रावरच ठेवावा, आणि त्यात बाहेरून आलेले फोटो उघडू नयेत.

फोटो नुसता आडवा-उभा फिरवला तरी दर्जा कमी होतो, हे खरे आहे का?

जेपेगच्या बाबतीत होऊ शकते. जेपेग चित्र ८×८ बिंदूंच्या चौकटींत साठवलेले असते आणि रंगाची माहिती अर्धी ठेवली असेल तर ती चौकट व्यवहारात १६×१६ ची होते. रुंदी आणि उंची दोन्ही १६ ने पूर्ण भागल्या जात असतील, तर चौकटी जशाच्या तशा उचलून फिरवता येतात आणि एक बिंदूही बिघडत नाही. जीडीआयप्लसच्या विनाहानी फिरवण्याची अटही हीच आहे. ३००० × २००० च्या फोटोत २००० ला १६ ने भागले की १२५ येतात, पण ३००० ला भागले की १८७.५; ती अर्धी चौकट काठावर अडकते. मग प्रोग्रामला चित्र पूर्ण उलगडून, फिरवून, पुन्हा दाबावे लागते आणि तेथे थोडा दर्जा जातो. लग्नाच्या फोटोंवर असे पाच-सहा वेळा झाले की शालूच्या जरीकाठावर ते दिसू लागते.

हे परिणाम आतून कसे चालतात? मूळ फाइल नसेल तर तोच परिणाम पुन्हा करता येतो का?

बहुतेक वेळा येतो, आणि या पानावरची सगळ्यात उपयोगी गोष्ट हीच आहे. हरवलेल्या फाइलीमागे धावण्याऐवजी तिने केलेले गणित ओळखावे.

धारदारपणाचा परिणाम घ्या. प्रत्येक बिंदूची नवी किंमत काढताना त्या बिंदूला ५ ने गुणतात आणि वर, खाली, डावीकडे, उजवीकडे असलेल्या चार बिंदूंच्या किमती वजा करतात. बिंदू १०० आणि शेजारी चारही ९० असतील, तर ५०० मधून ३६० गेले, उरले १४०. शेजारीही १०० असते, तर उत्तर १०० च आले असते. म्हणजे सपाट भागाला हात लागत नाही आणि कडा उठून दिसतात. धूसर करण्यासाठी वजाबाकीऐवजी सरासरी घेतात. तिरके फिरवताना नव्या चित्रातील बिंदू जुन्या चित्रात नेमका कोठे पडतो हे उलट्या दिशेने काढतात. तो चार बिंदूंच्या अगदी मध्ये पडला आणि त्यांच्या किमती १००, १२०, १४०, १६० असतील, तर नवी किंमत १३० धरतात. जुने परिणाम आणि आजचे परिणाम यांतला फरक बहुधा या मधल्या पायरीतच असतो: काही जुने प्रोग्राम वेगासाठी सरासरी न काढता सरळ जवळचा बिंदू उचलत, म्हणून तिरक्या रेषा पायऱ्यांसारख्या दिसत.

देवगडच्या एका बागायतदारांच्या हापूसच्या पेटीवरचे लेबल २००३ च्या सुमारास कोणीतरी बनवलेले होते. आंब्याच्या चित्राखालची मऊ सावली एका ३२ बिटांच्या फिल्टरने दिलेली होती आणि तो फिल्टर नव्या यंत्रावर चालेना. ‘अक्षर तसेच, आंबा तसाच, पण सावली नाय तर गिऱ्हाईक म्हणतंय हा माल वेगळा’, असे त्यांचे म्हणणे होते. छापील लेबल स्कॅन करून मोजले तेव्हा सावली आंब्यापासून ६ बिंदू उजवीकडे आणि ८ बिंदू खाली सरकलेली, साधारण ५ बिंदूंच्या त्रिज्येने धूसर केलेली आणि निम्म्या गडदपणाची निघाली. आंब्याच्या आकाराची काळी प्रत काढली, तेवढी सरकवली, तेवढी धूसर केली, ५० टक्के पारदर्शक करून खाली ठेवली. गिंप या चित्रे सुधारण्याच्या प्रोग्राममध्ये हे काम दहा मिनिटांत झाले. जुन्या आणि नव्या पेट्या शेजारी ठेवल्यावर बागायतदारांना फरक सांगता आला नाही.

फोटोशॉपचे जुने ‘८बीएफ’ फिल्टर नव्या फोटोशॉपमध्ये दिसत नाहीत.

विस्तार वेगळा असला तरी ‘८बीएफ’ ही मुळात डीएलएलच असते आणि बिटांचा नियम तिलाही लागू होतो. विन्डोजवर ६४ बिटांचे फोटोशॉप २००८ च्या सीएस४ पासून मिळू लागले. त्यात ३२ बिटांचे फिल्टर चालत नाहीत. ३२ बिटांची आवृत्ती शेजारी बसवून त्यात फिल्टर वापरता येतात. नव्वदच्या दशकातील काही फिल्टर सुरू होताना ‘प्लगइन’ आणि ‘एमएसव्हीसीआरटी१०’ या आणखी दोन फायली मागतात. त्या फिल्टरच्या मूळ सीडीवर असू शकतात, त्यामुळे सीडी टाकून देऊ नये.

परिणाम दिलेली मराठी अक्षरे नव्या यंत्रावर इंग्रजी चिन्हे होऊन दिसतात. हाही डीएलएलचाच दोष का?

नाही. तो फॉन्टचा प्रश्न आहे. श्रीलिपीसारख्या युनिकोडपूर्व फॉन्टमध्ये मराठी अक्षरे रोमन चिन्हांच्या जागांवर बसवलेली असतात. फॉन्ट नसला की मूळ चिन्हे उघडी पडतात. जुने यंत्र चालू आहे तोवरच मजकुराचे वक्ररेषांत रूपांतर करून फाइल वेगळी जतन करावी.

जुन्या होमस्टेच्या संकेतस्थळावरचे परिणाम आता दिसत नाहीत. काय करावे?

इंटरनेट एक्स्प्लोअरर १० मध्ये, म्हणजे २०१२ साली, प्रमाणित पद्धतीने उघडणाऱ्या पानांसाठी हे जुने फिल्टर काढून टाकण्यात आले आणि १५ जून २०२२ रोजी आवृत्ती ११ निवृत्त झाली. क्रोम आणि फायरफॉक्स यांना हे फिल्टर कधीच समजत नव्हते. एज ब्राउझरमध्ये जुन्या पद्धतीने पान उघडण्याची सोय किमान २०२९ पर्यंत राहणार आहे, परंतु तारकर्लीला येणारा पर्यटक मोबाइलवर पान पाहतो. त्याला त्या सोयीचा उपयोग नाही. म्हणून पानच सुधारावे. पारदर्शकता, धूसरपणा, रंगछटांचा उतार, फिरवणे आणि सावली हे सगळे आता सीएसएसमध्ये, म्हणजे पानाची मांडणी सांगणाऱ्या भाषेत, दोन-चार शब्दांत होते. ‘अल्फा इमेज लोडर’ हा जुना फिल्टर तर सरळ पुसून टाकावा. इंटरनेट एक्स्प्लोअररच्या आवृत्ती ६ ला पारदर्शक पीएनजी चित्रे नीट दाखवता येत नसत म्हणून तो तात्पुरता टेकू होता. एक सावधगिरी: सीएसएसमध्ये आजही ‘फिल्टर’ नावाचा गुणधर्म आहे, पण त्याची वाक्यरचना वेगळी आहे, जुनी ओळ तशीच ठेवून चालणार नाही.

विन्डोज एक्सपीचे यंत्र नेटला जोडून वापरले तर?

वापरू नये. त्याचे अद्ययावतीकरण ८ एप्रिल २०१४ रोजी थांबले आहे. फोटोंची ने-आण पेनड्राइव्हने करावी आणि पेनड्राइव्ह आधी नव्या यंत्रावर तपासून घ्यावा.

आभासी यंत्रात (संगणकाच्या आत प्रोग्रामने उभ्या केलेल्या दुसऱ्या संगणकात) जुनी विन्डोज बसवली तर परिणाम तसेच मिळतात का?

डायरेक्टएक्स ट्रान्सफॉर्म, जीडीआयप्लस आणि ८बीएफ फिल्टर यांचे गणित मुख्यतः प्रोसेसरवर चालते, त्यामुळे व्हर्च्युअलबॉक्ससारख्या आभासी यंत्रात ते व्यवस्थित चालतात. ग्राफिक्स कार्डावर अवलंबून असलेले त्रिमितीय परिणाम मात्र बेभरवशाचे असतात.

जतन करून काय काय ठेवावे? पावसाळ्यात सीडींना बुरशी येते.

येतेच. जून ते सप्टेंबर बंद कपाटात राहिलेल्या सीडीवर जाळीसारखी बुरशी धरते आणि ती थरात शिरली की पुसून जात नाही. म्हणून सीडीची प्रत्यक्ष फाइल-प्रतिमा काढून हार्डडिस्कवर ठेवावी. सुट्या डीएलएल जमवू नयेत. मूळ इन्स्टॉलर, सर्व्हिस पॅक, अनुक्रमांक लिहिलेला कागद आणि शक्य असल्यास चालू स्थितीतील संपूर्ण डिस्कची प्रतिमा ठेवावी. मूव्ही मेकर या विन्डोजच्या चित्रफीत जोडण्याच्या प्रोग्रामच्या प्रकल्पफाइलीत चित्रण नसते, केवळ कोणता तुकडा कोठे आणि कोणत्या परिणामाने जोडायचा याची यादी असते. मूळ चित्रण हरवले तर ती फाइल कोरीच समजावी.

एक प्रत दुकानात आणि दुसरी वरच्या मजल्यावर, ही व्यवस्था पुरेशी नाही. २२ जुलै २०२१ रोजी वाशिष्ठीचे पाणी चिपळूणच्या बाजारपेठेत शिरले, तेव्हा अनेक दुकानांतील यंत्रे आणि कागदपत्रे एकदमच गेली. दुसरी प्रत दुसऱ्या गावी, नातेवाइकांकडे किंवा ऑनलाइन साठ्यात असावी, आणि वर्षातून एकदा, शक्यतो मे महिन्यात, ती उघडून चालते की नाही हे पाहावे.